डावणीचं गणगोत

दिंडोरीच्या बाजूला गोडी छाटणी उरकली आणि त्यातच परतीचा पाऊस आला, की द्राक्षबागेत माणसं सकाळी पानं उलटी करत फिरताना दिसतात. पानाच्या वरच्या अंगाला फिकट पिवळा, तेलकट डाग असतो. त्याच डागाच्या मागे पांढरी लव दिसली की डावणी हा रोग आलाच. ही लव रात्रीच्या अंधारात आणि दमट हवेत उगवते. दुपारच्या कोरड्या उन्हात तेच पान पाहिलं तर चकायला होतं. शंका असेल तर बागाईतदार डागाचं पान ओल्या कागदासह प्लॅस्टिकच्या पिशवीत रात्रभर ठेवतात. सकाळी निकाल लागतो.

अशीच एक पिशवी मी कॉलेजच्या प्रयोगशाळेत नेली. लव सुईच्या टोकानं उचलून पाण्याच्या थेंबात ठेवली आणि वर काचेची चकती टाकली. दहाच्या भिंगाखाली पानाच्या पर्णरंध्रांतून बाहेर आलेले बारीक दांडे दिसले. त्यांना फुटलेल्या फांद्या जवळजवळ काटकोनात होत्या आणि टोकाटोकाला लिंबाच्या आकाराच्या पिशव्या होत्या. इथवर पाहणारा कोणीही याला बुरशीच म्हणेल. वनस्पतिशास्त्राची पुस्तकंही कित्येक वर्षं तेच म्हणत आली.

पण भिंग सोडायची घाई करू नये. थेंब थंड ठेवला आणि थोडी कळ काढली, तर पिशवीतला ऐवज लहान लहान गोळ्यांत वाटला जाताना दिसतो. मग आत चुळबुळ सुरू होते, पिशवीचं एक टोक उघडतं आणि गोळे एकेक करून बाहेर पडतात. बाहेर पडले की पोहायला लागतात! वेडेवाकडे, गिरक्या घेत. यांना चलबीजाणू म्हणतात. अंगाभोवती भित्तिका नाही, पोटात अन्नाची तुटपुंजी शिदोरी. पाण्याचा पातळ थर आहे तोवरच यांचा खेळ. पोहत पर्णरंध्र गाठलं की ते तिथे बूड टेकतात, पोहण्याच्या शेपट्या म्हणजे कशाभिका टाकून देतात, अंगाभोवती भिंत घालतात आणि एक नळी पानात घुसवतात. द्राक्षाच्या पानाची पर्णरंध्रं खालच्या अंगाला असतात. म्हणून फवारा पानाच्या पाठीला लागला नाही, तर वरून पान कितीही न्हालं तरी उपयोग कमीच.

आयोडीनचा थेंब सोडला की पोहणारे थांबतात. चाळीसच्या भिंगाखाली, उजेड कमी करून, डोळे ताणून पाहिलं तर प्रत्येकाला दोन कशाभिका दिसतात. त्यांतली एक गुळगुळीत असते आणि दुसरीवर दोन्ही बाजूंनी अतिसूक्ष्म केस असतात. ते केस मात्र आपल्या भिंगाला दिसत नाहीत, त्यासाठी इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शी लागतो. नात्याची ओळख पटते ती या केसाळ कशाभिकेवरूनच. मालवणच्या खडकांवर भरतीच्या पाण्यात डोलणारं सरगॅसम हे तपकिरी शैवाल आहे. त्याच्या नरपेशींनाही अशीच जोडी असते. म्हणजे डावणीचं गोत बुरशीत नाही. ते समुद्रातल्या तपकिरी शैवालांत आणि काचेच्या डब्यांत राहणाऱ्या डायाटम्समध्ये आहे.

शाळेत आपण प्रोटिस्ट तीन खणांत शिकलो. प्राण्यांसारखे ते आदिजीव, वनस्पतींसारखी ती शैवालं आणि बुरशीसारखे ते उरलेले. हेकेलनं 1866 मध्ये प्रोटिस्टा हे नाव दिलं, ते ना धड वनस्पती ना धड प्राणी अशा जिवांसाठी. व्हिटेकरच्या 1969 च्या पाच सृष्टींच्या मांडणीतून ते आपल्या पाठ्यपुस्तकांत रुळलं. पेशीत केंद्रक आहे, पण प्राणी, वनस्पती किंवा कवक यांत बसत नाही, तो प्रोटिस्ट. खरं सांगायचं तर ही व्याख्या नाही, अडगळीची खोली आहे. परीक्षेपुरती ती चालते. जनुकं वाचता यायला लागल्यावर या खोलीतलं सामान भलत्याच जोड्यांनी बाहेर पडलं. तीन मोठ्या गटांची आद्याक्षरं जोडून ‘सार’ नावाचा एक विशाल गट झाला. त्यात डायाटम आहेत, तपकिरी शैवाल आहे, चपलेच्या आकाराचा पॅरामेशियम आहे, मलेरियाचा परजीवी आहे आणि आपली डावणीही आहे. मलेरियाच्या परजीवीच्या पेशीत तर पूर्वी कधीतरी गिळलेल्या शैवालाच्या हरितलवकाचा अवशेष अजून सापडतो. अमीबा मात्र या गटात नाही. तो प्राणी आणि कवकांच्या बाजूला जातो.

द्राक्षावरचा दुसरा रोग, भुरी, मात्र खरीखुरी बुरशी आहे. तिला पोहावं लागत नाही, कोरड्या हवेतही ती पानावर पसरते. कवकं आणि प्राणी यांचं मूळ जवळचं असल्यामुळे, वंशावळीत भुरी डावणीपेक्षा माणसाला जवळची आहे. हे मी ज्या बागाईतदाराची पिशवी आणली होती त्यांना सांगितलं.

“असंल नातं,” ते म्हणाले, “औषध वेगळं लागतं का तेवढं सांगा.”

लागतं. भुरीवर मारतात ती हेक्झाकोनॅझोलसारखी औषधं अर्गोस्टेरॉल नावाचा घटक बनू देत नाहीत. बुरशीला तो हवाच असतो. डावणी तो बनवतच नाही, त्यामुळे त्या फवारणीचं तिला सोयरसुतक नाही. उलट तिची भित्तिका सेल्युलोजची असते, कवकांसारखी कायटिनची नव्हे. डायमेथोमॉर्फ हे औषध नेमकं याच सेल्युलोजच्या बांधणीवर घाव घालतं, म्हणून ते डावणीवर चालतं आणि भुरीवर वाया जातं. डब्यावर मात्र दोन्हीकडे बुरशीनाशक असंच छापलेलं असतं.

बोर्डो मिश्रणाची गोष्ट याहून जुनी आहे. फ्रान्समध्ये मेदोकच्या बागाईतदारांनी रस्त्याकडेच्या वेलींवर चोरांना किळस यावी म्हणून मोरचूद आणि चुना शिंपडला होता. तेवढ्याच वेली डावणीतून वाचल्याचं वनस्पतिशास्त्रज्ञ मिलार्देच्या लक्षात आलं आणि 1885 मध्ये त्यानं ते मिश्रण जाहीर केलं. मोरचूदातलं तांबं पाण्यात सुटतं आणि चलबीजाणूंना पोहतानाच मारतं. नळी पानात शिरली की मात्र त्याचा हात तिथवर पोहोचत नाही. म्हणून मोरचूद पावसाच्या आधी पानावर पडलेला असावा लागतो.