दोन नॅनोमीटरचे अंतर

संगणकाच्या पेटीतील प्रोसेसर, मेमरी, मदरबोर्ड हे भाग जागचे हलत नाहीत. त्यांच्यातून केवळ विद्युत प्रवाह खेळतो. पंख्यांव्यतिरिक्त त्या पेटीत अखंड फिरत राहणारा भाग म्हणजे हार्ड डिस्क, आणि म्हणूनच तिच्या आयुष्याचा विचार इलेक्ट्रॉनिक उपकरणाचा म्हणून जितका करावा लागतो, त्याहून अधिक तो एका अतिसूक्ष्म यंत्राचा म्हणून करावा लागतो. घट्ट बंद केलेल्या धातूच्या कवचात काचेच्या किंवा ॲल्युमिनियमच्या, चुंबकीय थर दिलेल्या तबकड्या एका मोटरच्या अक्षावर बसवलेल्या असतात. टेबलावरच्या संगणकातील डिस्कमध्ये त्या बहुधा मिनिटाला 7200 फेरे घेतात, म्हणजे सुमारे साडेनऊ सेंटीमीटर व्यासाच्या तबकडीची बाहेरची कडा ताशी 130 किलोमीटरच्या आसपास वेगाने धावत असते. या धावत्या पृष्ठभागावरची माहिती वाचणारा आणि तिथे नवी लिहिणारा भाग म्हणजे हेड. तो तबकडीला टेकत नाही. तबकडीबरोबर ओढल्या जाणाऱ्या हवेच्या पातळ थरावर तो तरंगतो, आणि प्रत्यक्ष वाचन-लेखनाच्या क्षणी आधुनिक डिस्कमध्ये त्याचे टोक तबकडीपासून अवघ्या एक ते दोन नॅनोमीटर अंतरावर आणले जाते. नॅनोमीटर म्हणजे मिलिमीटरचा दहा लाखावा भाग. हार्ड डिस्कची निगा म्हणजे मुख्यतः हे अंतर आणि ते राखणारी व्यवस्था शाबूत ठेवणे.

धुराचा एखादा कण शेकडो नॅनोमीटर रुंदीचा असू शकतो, म्हणजे हेडखालच्या फटीच्या तुलनेत तो प्रचंड असतो. असा कण मध्ये सापडला तर हेड उसळते, तबकडीवर ओरखडा उठतो, त्या ओरखड्याची भुकटी आणखी कण तयार करते आणि नुकसान पसरत जाते. यालाच हेड क्रॅश म्हणतात. म्हणून कवचातील हवा गाळलेली असते, पण ती बाहेरच्या हवेपासून पूर्णपणे तोडलेली नसते. नेहमीच्या डिस्कच्या झाकणावर टाचणीच्या डोक्याएवढे एक छिद्र आणि शेजारी ‘हे छिद्र झाकू नका’ अशा अर्थाची इंग्रजी सूचना असते. आतल्या आणि बाहेरच्या हवेचा दाब समान राखण्यासाठी ठेवलेल्या या छिद्रामागे गाळणी असते. दुकानदाराने वॉरंटीचा किंवा वापरकर्त्याने नावाचा कागद नेमका त्यावर चिकटवणे ही चूक सर्रास आढळते आणि ती टाळायला काहीही खर्च येत नाही. 2013 पासून बाजारात आलेल्या हेलियम भरलेल्या डिस्कला मात्र असे छिद्र नसते. त्यांचे कवच पूर्णतः हवाबंद असते. हवेवर तरंगणारे हेड विरळ हवेत नीट तरंगू शकत नाही, म्हणून साध्या डिस्कसाठी उत्पादक साधारणतः तीन हजार मीटर उंचीची मर्यादा सांगतात. कृष्णविवराची पहिली प्रतिमा मिळवणाऱ्या इव्हेंट होरायझन टेलिस्कोप प्रकल्पाने उंच पर्वतांवरील दुर्बिणींची माहिती साठवण्यासाठी हेलियमच्या डिस्क वापरल्या, त्या याच कारणाने.

डिस्कचा सर्वांत उघड शत्रू धक्का, आणि त्याचे गणित शालेय भौतिकशास्त्राने सुटणारे आहे. 75 सेंटीमीटर उंच टेबलावरून पडलेली वस्तू फरशीवर आदळून एक मिलिमीटर अंतरात थांबली, तर तिच्यावरचे सरासरी त्वरण गुरुत्वाकर्षणाच्या 750 पट होते. याउलट, साडेतीन इंची डिस्क चालू असताना साधारणतः 70 पट आणि बंद असताना 300 पट त्वरण थोडा काळ सोसेल अशा बेताने बनवलेली असते. लॅपटॉपमधील आणि खिशात मावणाऱ्या एक्स्टर्नल हार्ड डिस्कमधील अडीच इंची डिस्क अधिक सोशिक असते, तरी चालू स्थितीत तिचीही मर्यादा 400 पटीच्या आसपास असते. घरोघरच्या शहाबादी किंवा सिरॅमिक फरशीवर डिस्क पडते तेव्हा ती बहुधा का वाचत नाही, हे या आकड्यांवरून कळते. चालू आणि बंद या स्थितींतला फरकही त्यांतच दिसतो: डिस्क थांबते तेव्हा हेड तबकडीच्या बाहेर एका उतारावर नेऊन ठेवले जाते आणि मग धक्क्याने तबकडीला इजा होण्याची शक्यता खूप घटते. एक्स्टर्नल डिस्क संगणकावरून ‘इजेक्ट’ केल्यानंतरही मोटर पूर्ण थांबायला काही सेकंद लागतात, त्यामुळे घरघर थांबेपर्यंत तिला हात न लावणे आणि चालू असताना ती उभीची आडवी न करणे या दोन सवयी कोणत्याही मऊ पाकिटापेक्षा मोलाच्या आहेत.

कंपनांचा परिणाम इतका उघड नसतो. मोठ्या क्षमतेच्या डिस्कवर माहितीच्या वर्तुळाकार पट्ट्यांची, म्हणजे ट्रॅकची, रुंदी शंभर नॅनोमीटरहूनही कमी असते आणि हेडला त्या पट्टीच्या मध्यावर टिकून राहावे लागते. बाहेरच्या कंपनाने ते किंचित ढळले, तर डिस्क लिहिणे थांबवते आणि तबकडीचा पुढचा फेरा येईपर्यंत सुमारे आठ मिलिसेकंद वाट पाहते. सन मायक्रोसिस्टिम्स या कंपनीतील अभियंता ब्रेंडन ग्रेग यांनी 2008 मध्ये सर्व्हरच्या डिस्कसमोर मोठ्याने ओरडून हा परिणाम आलेखावर दाखवला होता. सप्टेंबर 2016 मध्ये बुखारेस्ट येथील आयएनजी बँकेच्या डेटा सेंटरमध्ये आग विझवणाऱ्या वायूची चाचणी घेताना नळकांड्यांतून सुटलेल्या वायूचा आवाज इतका मोठा झाला की, त्याने डिस्क निकामी होऊन बँकेच्या सेवा काही तास बंद पडल्या. घरगुती वापरात इतका टोकाचा प्रसंग येत नाही. पण मोठ्या स्पीकरशेजारी किंवा डुगडुगणाऱ्या टेबलावर ठेवलेली, अथवा चारऐवजी दोनच स्क्रूंवर पेटीत लटकवलेली डिस्क रोज थोडा थोडा असाच ताण सोसत असते.

महाराष्ट्रातील वापरकर्त्याने सर्वाधिक लक्ष द्यावे अशी बाब मात्र वीजपुरवठा ही आहे, आणि नेमके तिकडेच सर्वांत कमी लक्ष जाते. लाईट अचानक गेली की डिस्कची मोटर गती गमावू लागते, हवेचा थर विरळ होऊ लागतो आणि हेड तबकडीवर उतरण्याचा धोका निर्माण होतो. यावरचा उपाय अभियंत्यांनी मोठ्या कल्पकतेने योजला आहे: फिरत राहिलेली मोटर त्या क्षणी जनित्रासारखी वापरली जाते आणि तिच्यातून मिळालेल्या विजेवर हेड घाईने बाहेर ओढून घेतले जाते. तबकडी तिच्याच उरलेल्या गतीवर वाचते. पण ही आणीबाणीची माघार नेहमीच्या संथ माघारीपेक्षा बरीच जोराची असते आणि अशा प्रसंगांची डिस्कची सहनशक्ती मर्यादित असते. शिवाय त्या क्षणी लिहिली जात असलेली माहिती अर्धवट राहते आणि फाइलींची अनुक्रमणिका बिघडू शकते.

यूपीएस हा यावरचा सरळ उपाय आहे. घरात इन्व्हर्टर असेल, तर बॅटरीवर जाताना त्याला लागणारा वेळ महत्त्वाचा ठरतो. संगणकाचा पॉवर सप्लाय वीज खंडित झाल्यावर सुमारे 16 मिलिसेकंदच तग धरतो, आणि साध्या स्थितीतला इन्व्हर्टर कित्येकदा त्याहून अधिक वेळ घेतो. बऱ्याच इन्व्हर्टरवर यूपीएस मोडची कळ असते. ती सुरू केली की हा वेळ कमी होतो आणि व्होल्टेज फार घसरले तरीही इन्व्हर्टर बॅटरीवर जातो. ही कळ वर्षानुवर्षे चुकीच्या बाजूला राहिल्याची उदाहरणे कमी नाहीत. अडीच इंची एक्स्टर्नल डिस्क यूएसबीच्या 5 व्होल्टवरच चालते, त्यामुळे लांब, स्वस्त केबल किंवा एकाच वेळी चार उपकरणे जोडलेला हब वापरल्यास तिला पुरेशी वीज मिळत नाही, मोटर वेग घेता घेता थांबते आणि टिकटिक ऐकू येते. अशी डिस्क खराब झाली असे समजण्यापूर्वी केबल बदलून पाहणे शहाणपणाचे असते. साडेतीन इंची एक्स्टर्नल डिस्कला 12 व्होल्टचा वेगळा ॲडॉप्टर लागतो आणि त्याची गोल पिन लॅपटॉपच्या 19 व्होल्टच्या ॲडॉप्टरशी कधी कधी जुळते. ती चुकून जोडली गेली, तर डिस्कचा सर्किट बोर्ड क्षणात जळू शकतो. दोन्ही ॲडॉप्टरवर ठळक अक्षरांत नाव लिहून ठेवण्याइतका साधा आणि परिणामकारक उपाय दुसरा नाही.

उष्णतेविषयीची समजूत दुरुस्त करण्याची गरज आहे. डिस्क जितकी थंड तितकी दीर्घायुषी असे सर्रास मानले जाते. परंतु गूगलच्या पिनेरो, वेबर आणि बारोसो या संशोधकांनी एक लाखाहून अधिक डिस्कचा अभ्यास करून 2007 मध्ये जे निष्कर्ष मांडले, त्यांत तापमान आणि बिघाड यांचा संबंध अपेक्षेपेक्षा बराच क्षीण आढळला. कमी तापमानातील डिस्क उलट अधिक बिघडलेल्या दिसल्या आणि उष्णतेचा उपद्रव प्रामुख्याने अतिउच्च तापमानात व तीन वर्षांहून जुन्या डिस्कमध्ये जाणवला. याचा अर्थ उष्णतेकडे दुर्लक्ष करावे असा नव्हे. सोसायटीच्या जिन्याखाली बंद लोखंडी पेटीत ठेवलेल्या सीसीटीव्ही रेकॉर्डरमधील डिस्क चोवीस तास लिहीत असते, आणि एप्रिल-मे महिन्यांत विदर्भात त्या पेटीतले तापमान उत्पादकाने आखलेली 60 अंशांची मर्यादा गाठू शकते. तिथे झडपा आणि छोटा पंखा हवाच. पण पुण्यातल्या एखाद्या खोलीत 38 किंवा 40 अंशांवर चालणाऱ्या डिस्कसाठी खास शीतक पंखा घेण्यापेक्षा तोच पैसा यूपीएसवर खर्च करणे अधिक योग्य.

दमटपणाचे मात्र तसे नाही. मायक्रोसॉफ्टच्या जगभरातील नऊ डेटा सेंटरमधील दहा लाखांहून अधिक डिस्कच्या नोंदींवर आधारलेला जो अभ्यास 2016 मध्ये प्रसिद्ध झाला, त्यात तापमानापेक्षा हवेतील सापेक्ष आर्द्रतेचा बिघाडांवर अधिक प्रभाव आढळला आणि हे बिघाड मुख्यतः फिरत्या भागांत नसून कंट्रोलर आणि जोडण्यांत होते. कोकण, मुंबई आणि गोव्याच्या दृष्टीने हा निष्कर्ष कळीचा आहे, कारण तिथे जुलै-ऑगस्टमध्ये सापेक्ष आर्द्रता आठवडेच्या आठवडे 80 टक्क्यांवर राहते आणि समुद्राकाठच्या हवेत क्षारही असतात. डिस्कच्या पाठीवरचा हिरवा सर्किट बोर्ड चार-सहा स्क्रूंनी बसवलेला असतो आणि त्याच्या आतल्या बाजूला हेडकडे जाणाऱ्या जोडणीसाठी चकचकीत ठिपक्यांची एक ओळ असते. दमट जागी काही वर्षे राहिलेल्या डिस्कमध्ये हे ठिपके काळवंडलेले दिसतात, संपर्क तुटक होतो आणि तबकड्या पूर्ण निरोगी असताना डिस्क वाचेनाशी होते. एरवी चालू असलेला संगणक स्वतःच्या उबेने कोरडा राहतो, खरा धोका असतो तो कपाटात पडून राहिलेल्या डिस्कला. लग्नाच्या छायाचित्रांची किंवा जुन्या कागदपत्रांची डिस्क घट्ट झाकणाच्या डब्यात सिलिका जेलच्या पुड्यांसह ठेवावी, पुड्या दर पावसाळ्यापूर्वी बदलाव्यात आणि वर्षातून एक-दोनदा डिस्क जोडून त्यातील फाइली उघडून पाहाव्यात. वातानुकूलित खोलीतून दमट हवेत आणलेली डिस्क लगेच सुरू करू नये. गार धातूवर बाष्प साचते, ते सुकायला तासभर द्यावा. बिघडलेली डिस्क फ्रीजरमध्ये ठेवण्याचा जुना सल्लाही याच कारणाने घातक आहे, कारण बाहेर काढताच तबकड्यांवरच दव धरू शकते.

अतिकाटकसरीनेही झीज होते. काही डिस्क वीज वाचवण्यासाठी थोडा वेळ काम नसले की हेड बाहेर नेऊन ठेवतात. अशा किमान तीन लाख फेऱ्यांची हमी उत्पादक सामान्यतः देतात. पण दर मिनिटाला एक फेरी झाली, तर सात महिन्यांत तेवढा आकडा गाठला जातो. सतत चालणाऱ्या संगणकात वीजबचतीच्या सेटिंगमधील हा अवधी वाढवून ठेवणे इष्ट ठरते.

इतके सगळे करूनही डिस्कचा शेवट टळत नाही, तो लांबतो. उत्पादकांच्या पत्रकांतील दहा लाख तासांचा सरासरी आयुष्यकाळ, म्हणजे सुमारे 114 वर्षे, वार्षिक एका टक्क्याहूनही कमी बिघाड सुचवतो. कार्नेगी मेलन विद्यापीठाच्या बियांका श्रोडर आणि गार्थ गिब्सन यांनी 2007 मध्ये प्रत्यक्ष वापरातील सुमारे एक लाख डिस्क तपासल्या, तेव्हा वर्षाला 2 ते 4 टक्के डिस्क बदलल्या जाणे नेहमीचे आढळले आणि काही ठिकाणी तो आकडा 13 टक्क्यांवर गेला. म्हणून दुसऱ्या डिस्कवरची प्रत, म्हणजे बॅकअप, या निगेतून वगळता येत नाही.

डिस्क स्वतःच्या प्रकृतीची नोंद ‘स्मार्ट’ नावाच्या व्यवस्थेत ठेवते आणि क्रिस्टलडिस्कइन्फोसारख्या मोफत प्रोग्रामने ती वाचता येते. त्यातील क्रमांक 5 ची ओळ निकामी ठरवून राखीव जागेत हलवलेल्या सेक्टरांची, म्हणजे साठवणीच्या लहान कप्प्यांची, संख्या दाखवते आणि क्रमांक 197 ची ओळ वाचता न येणाऱ्या, निर्णय प्रलंबित असलेल्या सेक्टरांची. क्रमांक 199 चा आकडा वाढत असेल, तर दोष बहुधा डिस्कचा नसून केबलचा असतो. हे आकडे त्या प्रोग्राममध्ये मुळात षोडशमान पद्धतीत दिसतात, त्यामुळे तिथला 10 म्हणजे प्रत्यक्षात 16 असतो. गूगलच्या अभ्यासात पृष्ठभागाच्या तपासणीत पहिली चूक सापडलेल्या डिस्क पुढच्या 60 दिवसांत निकामी होण्याची शक्यता इतरांच्या 39 पट आढळली. मात्र निम्म्याहून अधिक बिघडलेल्या डिस्कनी सर्वांत महत्त्वाच्या मानल्या गेलेल्या चार नोंदींपैकी एकातही आधी काहीच दाखवले नव्हते. वाढता आकडा हा गंभीर इशारा मानावा, पण शून्य आकडा हा निर्धोकपणाचा दाखला मानू नये.

असा इशारा मिळाल्यावर डिस्क दुरुस्त करण्याचे प्रोग्राम चालवणे, तिचे डीफ्रॅगमेंटेशन करणे किंवा ती संपूर्ण तपासत बसणे म्हणजे उरलेले आयुष्य नको तिथे खर्चणे होय. आधी परत मिळवता न येणाऱ्या फाइली उतरवून घ्याव्यात, मग उरलेल्या. ठरावीक तालात टकटक असा आवाज येत असेल आणि केबल बदलूनही तो थांबत नसेल, तर वीज तोडून डिस्क तशीच धूळमुक्त खोली असलेल्या डेटा रिकव्हरी प्रयोगशाळेकडे द्यावी. घरात झाकण उघडले की हवेतली धूळ तबकड्यांवर बसते. आवाज नसेल, केवळ सेक्टर वाचले जात नसतील, तर जाणकाराच्या मदतीने डीडीरेस्क्यूसारखा प्रोग्राम वापरता येतो. तो अडलेल्या सेक्टरवर डोके आपटत न बसता ती जागा नोंदवून पुढे जातो, सहज वाचता येणारा सारा भाग आधी नव्या डिस्कवर उतरवतो आणि अवघड जागांकडे सर्वांत शेवटी वळतो.