जपानी मालिकांचा फोल्डर उघडण्यापूर्वी

कोरियन मालिकांच्या मागोमाग जपानी मालिकांचं वेडही आता धार-देवासच्या आपल्या मित्रमंडळींत पोचलंय. हवी ती मालिका ॲपवर सापडत नाही, मग ग्रुपवर कुणीतरी ड्राइव्हची लिंक टाकतं: 'सगळे भाग, सबटायटलसकट!' उघडण्याआधी जरा थांबा. ज्या मोबाइलवर आपण मालिका बघतो, त्याच मोबाइलवर पुष्कळदा घरातल्यांचं यूपीआय असतं.

पहिली गोष्ट, फोल्डर कुणाचा? गूगल ड्राइव्हवर कुणीही अनोळखी माणूस आपल्याला न विचारता फोल्डर शेअर करू शकतो. तो आपल्या यादीत दिसला म्हणजे विश्वासाचा झाला असं नाही. पाठवणाऱ्याला तिथल्या तिथे ब्लॉक करता येतं.

दुसरी गोष्ट, 'गूगलनं तपासलंच असेल' हा समज. ड्राइव्ह साधारण 100 एमबीपर्यंतच्याच फायलींत व्हायरस शोधतं. मालिकेचा एक भाग सहज त्याहून मोठा असतो.

तिसरी गोष्ट, फायलीचं शेपूट वाचा. एमपी4 किंवा एमकेव्ही म्हणजे व्हिडिओ, एसआरटी म्हणजे सबटायटल. ईएक्सई किंवा एपीके म्हणजे मात्र प्रोग्रॅम. मालिकेच्या फोल्डरमध्ये त्याचं काय काम? विंडोजमध्ये हे शेपूट बहुधा लपलेलं असतं, म्हणून 'भाग 1.एमपी4.ईएक्सई' ही फाइल नुसती 'भाग 1.एमपी4' अशी दिसते. ती सेटिंग आधी बदला. पासवर्ड घातलेली झिपही नकोच. अँटीव्हायरसला तिच्या आतलं दिसत नाही.

चौथी, मालिका बघायला ओटीपी लागत नाही. 'आधी आमचा प्लेअर टाका' म्हटलं की पान बंद करा. पैसे गेलेच, तर लाजत बसू नका, लगेच 1930 वर फोन करा.

आता कायद्याचं. फोल्डर उघडा आहे म्हणून आतला माल फुकट होत नाही. भारत आणि जपान दोघंही बर्न करारात आहेत, त्यामुळे जपानी मालिकेलाही आपला 1957 चा कॉपीराइट कायदा लागू होतो. जाणूनबुजून उल्लंघन केलं किंवा त्याला मदत केली, तर कलम 63 मध्ये सहा महिने ते तीन वर्षं कैद आणि 50 हजार ते 2 लाख रुपये दंड आहे. म्हणजे 'फॉरवर्ड'सुद्धा जपूनच.

मग शोधायचं कुठे? एनएचके वर्ल्ड-जपानच्या साइटवर बरंच काही मोफत असतं. 'मिडनाइट डायनर: टोकियो स्टोरीज' नेटफ्लिक्सवर आली. जपान फाउंडेशननं 2024 च्या जून-जुलैत ऑनलाइन महोत्सवात 'रिकुओह' ही मालिका भारतातही मोफत दाखवली होती. पारंपरिक ताबी मोजे शिवणारा जुना कारखाना टिकण्यासाठी धावण्याचे बूट बनवतो, अशी ती गोष्ट. धार जिल्ह्यातली बाग प्रिंट माहीत असलेल्या माणसाला ती परकी वाटणार नाही.

आणि मंडळाचा एक फोल्डर आपणही करूया की! त्यात मालिका ठेवायच्या नाहीत. कुठली मालिका अधिकृतपणे कुठे मिळते त्याची यादी, आपले लेख आणि शब्दांच्या नोंदी ठेवायच्या. इतरांना फक्त वाचायची परवानगी. पहिली नोंद मी सुचवते: जपानी 'सान' इंग्रजी सबटायटलमध्ये बहुतेक वेळा गळून पडतो. मराठीत आपल्याकडे 'अहो', 'राव', 'दादा', 'ताई' सगळे हजर आहेत. कुठल्या 'सान'ला काय म्हणायचं, ते ठरवायला मजा येईल.