'व्हेरी नाइस, व्हेरी नाइस' : संपर्कयुगातील अस्वस्थता

संपर्काच्या साधनांनी वेढलेला आधुनिक मनुष्य एकाकी का होतो, या प्रश्नाला चित्रपटाच्या भाषेत भिडण्याचा एक लक्षणीय प्रयत्न आर्थर लिप्सेट (१९३६–१९८६) या कॅनडियन दिग्दर्शकाने 'व्हेरी नाइस, व्हेरी नाइस' (१९६१) या सुमारे ७ मिनिटांच्या प्रायोगिक लघुपटात केला. कॅनडाच्या राष्ट्रीय चित्रपट मंडळात काम करीत असता इतरांनी टाकून दिलेले ध्वनिफितींचे तुकडे त्याने जोडले आणि मग त्यांवर प्रामुख्याने स्थिरचित्रांची मालिका रचली. येथे कथानक नाही, निवेदकही नाही. गर्दीतील चेहरे, जाहिराती, अणुस्फोट एकापाठोपाठ एक येतात. वाक्ये अर्ध्यावर तुटतात. ध्वनी आणि दृश्य यांच्या या विसंगतीतूनच अर्थ निष्पन्न होतो : बोलणारे पुष्कळ, ऐकणारा कोणी नाही. शीर्षकातील 'फार छान' हा उद्गार त्यामुळे उपरोधिक ठरतो. १९६२ मध्ये ऑस्कर पारितोषिकासाठी या लघुपटाला नामांकन मिळाले. त्यात भ्रमणध्वनी नाही. तरीही आजच्या प्रेक्षकाला ही अस्वस्थता परकी वाटत नाही. उत्तराची वाट न पाहता शब्दांत शब्दांची भर घालीत राहण्याची सवय तेव्हाही माणसाला जडलेली होती, हेच लिप्सेटने दाखविले आहे.