दारूगोळ्याचा तो गाडा फुटला नसता तर

२७ नोव्हेंबर १८१७ ची सकाळ. सीताबर्डीच्या दोन टेकड्यांपैकी धाकटी टेकडी नागपूरच्या अप्पासाहेब भोसल्यांच्या अरब शिपायांनी नुकतीच हिसकावून घेतली होती. थोरल्या टेकडीवर इंग्रजांचा रेसिडेंट रिचर्ड जेंकिन्स आणि ईस्ट इंडिया कंपनीची पलटण. सगळी मिळून दीड हजाराच्या आसपास माणसं, आणि समोर त्यांच्या कित्येक पट फौज. आदल्या संध्याकाळपासून मारा चालू होता. तेवढ्यात अरबांच्या गर्दीत दारूगोळ्याचा एक गाडा अचानक पेटून फुटला. गोंधळ उडाला, तो साधून कंपनीच्या शिपायांनी धाकटी टेकडी परत घेतली आणि लढाईचं पारडं फिरलं.

आम्ही काटोलचे लोक 'बर्डीवर जाऊन येतो' म्हणतो ते बहुधा कापडचोपड घ्यायला. त्या टेकडीकडे मान वर करून पाहणारे थोडेच. माझा भाचा मात्र दिवाळीच्या सुट्टीत मोबाइलवर इतिहासाच्या एका खेळाचा नकाशा उघडून बसला आणि म्हणाला, "मामा, तो गाडा फुटलाच नाही, असं लिहू का?" लिहिलं. अर्ध्या मिनिटात उत्तर आलं. तीन फेऱ्यांत भोसल्यांचा झेंडा कलकत्त्यावर फडकत होता. पोरगं खूश होतं, मला मात्र ते पटेना. मग आम्ही खेळाच्या अटी थोड्या बदलून पुन्हा मांडणी केली आणि पाचव्या फेरीत साफ हरलो. "आता काहून हरलो आपण?" त्याने विचारलं. त्याला उत्तर द्यायचं तर हा खेळ आत कसा चालतो ते उलगडावं लागतं.

'असं झालं असतं तर' ही ओढ मराठी माणसाला नवी नाही. पानिपतावर पडलेले सदाशिवरावभाऊ जिवंत आहेत असं मानणारे इतके होते की त्यांच्या तोतयाने बंड उभं केलं, आणि त्या तोतयाला १७७६ मध्ये मारल्यावरच ते शमलं. जयंत नारळीकरांनी 'गंगाधरपंतांचे पानिपत' या कथेत विश्वासरावांना लागणारी गोळी हुकवली आणि मराठे जिंकलेल्या जगात एका इतिहासाच्या प्राध्यापकाला नेऊन सोडलं. तिचं इंग्रजी रूप अकरावीच्या पाठ्यपुस्तकात गेलं. कथेत लेखक एकदाच फाटा फोडतो आणि पुढची वाट स्वतः आखतो. खेळात दर वळणावर फाटा फोडायची मुभा असते आणि वाट यंत्र आखतं. पॅक्स हिस्टोरिया हा अशा प्रकारचा, ब्राउझरमध्येच चालणारा अलीकडचा खेळ.

आधी नकाशा. पडद्यावर दिसतं ते चित्र म्हणजे शेकडो तुकडे असतात. प्रत्येक प्रदेशाची कड बिंदूंनी आखलेली, त्याला एक क्रमांक, आणि त्यापुढे धन्याचं नाव. धनी बदलला की ब्राउझर त्या तुकड्याचा रंग बदलतो. ब्राउझरचं काम जवळजवळ एवढंच. म्हणून काटोलातला तीन वर्षं जुना मोबाइलही पुरतो. अवघड भाग दूरच्या सर्व्हरवर घडतो.

त्या सर्व्हरवर दोन वह्या ठेवलेल्या असतात असं समजा. आपल्याकडच्या दुकानदाराला हे पटकन कळेल: एक रोजकीर्द, एक खतावणी. रोजकीर्दीत घडलं ते तारीखवार, जसं की अमक्या दिवशी टेकडी घेतली, तमक्या दिवशी वकील पाठवला. खतावणीत आजची शिल्लक, म्हणजे कोणता मुलूख कोणाकडे, खजिना किती, कोणाशी तह, कोणाशी वैर. तुम्ही हुकूम लिहिता तेव्हा सर्व्हर एक लांबलचक पत्र तयार करतो. वर खेळाचे नियम, मग खतावणीची नक्कल, रोजकीर्दीचा गोषवारा, शेवटी तुमचा हुकूम आणि उत्तर कोणत्या साच्यात हवं त्याची सूचना. हे पत्र भाषा-मॉडेलकडे जातं.

भाषा-मॉडेल काय करतं, हा या खेळाचा गाभा. ते फौजा मोजत नाही. जेंकिन्सचा पत्रव्यवहार उघडून वाचतही नाही. अफाट मजकुरावर शिकवलेलं असल्यामुळे, समोर जे लिहिलं आहे त्यापुढे कोणता तुकडा येणं संभवतं याचा अंदाज ते बांधतं, तो तुकडा लिहितं, आणि मग त्यासकट सगळं धरून पुढचा अंदाज करतं. या तुकड्यांना टोकन म्हणतात. दर वेळी सर्वांत संभवनीय तुकडाच घेतला तर मजकूर रुक्ष होतो, म्हणून निवडीत थोडी सोडत ठेवतात. त्यामुळे तोच हुकूम दोनदा दिला तर दोन वेगळे इतिहास निघतात.

उत्तर दोन भागांत येतं. एक वाचायला, म्हणजे बखरीसारखं वर्णन. दुसरा भाग यंत्रासाठी, ठरलेल्या रकान्यांत: प्रदेश क्रमांक अमुक, जुना धनी, नवा धनी, तारीख. हा दुसरा भाग साधा प्रोग्राम तपासतो. असा क्रमांक आहे का, तारीख पुढेच गेली का, मेलेला सरदार पुन्हा स्वारीवर निघाला नाही ना. तपासणीत बसलं तर खतावणी बदलते, नाहीतर मॉडेलला पुन्हा विचारलं जातं. खेळ चांगला की सुमार हे बरंचसं या तपासनिसावर ठरतं असं माझं मत आहे, पण जाहिरातीत त्याचं नाव कधी येत नाही.

ही रीत दिसते तेवढी नवी नाही. प्रशियाच्या सैन्यात १८२४ पासून क्रीग्सश्पील नावाचा युद्धखेळ अधिकाऱ्यांना शिकवत. नकाशावर ठोकळे, दोन बाजू, फासे, नुकसानीची कोष्टकं आणि मध्ये एक पंच. कोष्टकांचं ओझं वाढत गेलं. १८७६ मध्ये फेर्दी द्यू व्हेर्नुआ या सेनाधिकाऱ्याने सुचवलं की ती बाजूला ठेवावीत आणि अनुभवी पंचाच्या निवाड्यावर खेळ चालवावा. पुढे संगणकावरच्या खेळांनी उलटी वाट धरली. 'युरोपा युनिव्हर्सॅलिस'सारखे खेळ म्हणजे कोष्टकांचा डोंगरच. ज्या चालीसाठी बटण नाही ती चाल नाही. भाषा-मॉडेल आलं तसा पंच परतला. २०१९ मध्ये 'एआय डंजन' या खेळात खेळाडू मनात येईल ते लिहू लागला आणि जीपीटी-२ हे मॉडेल गोष्ट पुढे नेऊ लागलं.

पण व्हेर्नुआचा पंच लढाया पाहिलेला माणूस होता. आपल्या पंचाने लढायांबद्दलचा मजकूर पाहिला आहे. शिवाय त्याला समोरच्याच्या कलाने घेण्याची सवय शिकवणीतच लागलेली असते, कारण माणसांना आवडलेल्या उत्तरांवरून त्याला वळण दिलेलं असतं. तुम्ही ठासून लिहिलंत, 'आमच्या घोडदळाने कंपनीचा धुव्वा उडवला', तर तो बहुधा धुव्वा उडवून देतो. पहिल्या डावात तीन फेऱ्यांत कलकत्ता मिळालं ते असं.

मेटा कंपनीच्या संशोधकांनी २०२२ मध्ये सिसेरो नावाची प्रणाली 'डिप्लोमसी' या खेळात उतरवली, तेव्हा त्यांनी डावपेच भाषा-मॉडेलवर सोडले नव्हते. कोणती चाल फायद्याची हे वेगळं गणिती यंत्र ठरवायचं; मॉडेल त्या चालीला साजेसं बोलायचं. ब्राउझरवरच्या ४० डावांत ती प्रणाली, एकाहून जास्त डाव खेळलेल्यांच्या यादीत, वरच्या दहा टक्क्यांत आली. बोलणं एकाकडे, हिशेब दुसऱ्याकडे, ही वाटणी मला फार शहाणपणाची वाटते.

आम्ही दुसऱ्या डावात तीच वाटणी जमेल तशी केली. खेळात स्वतःचे नियम लिहायची सोय होती. तिथे घातलं: खेळाडूने फक्त हेतू लिहायचा, निकाल नाही, लढाईचा निकाल प्रोग्रामने टाकलेल्या फाशावर, आणि त्या महिन्यात कोणती फौज कुठे आहे ते आधीच नोंदवायचं. ही नोंद मी पुस्तकं काढून केली. खडकीची लढाई ५ नोव्हेंबरला झालेली, पुणं १७ तारखेला कंपनीकडे गेलेलं. म्हणजे ज्या पेशव्याच्या भरवशावर अप्पासाहेब उठले तो आधीच पळतीवर होता. जनरल डव्हटनची फौज वऱ्हाडातून निघालेली. ती १२ डिसेंबरला पोचली आणि १६ तारखेला नागपुरात पुन्हा लढाई झाली. होळकरांचा महिदपूरला पराभव २१ डिसेंबरचा.

आता गाडा फुटत नाही. थोरली टेकडीही आपल्याला मिळते, जेंकिन्स कैद होतो. पण हातात पंधराच दिवस! पुण्याहून मदत नाही, होळकर स्वतःच अडचणीत, आणि डव्हटन चाल करून येतो आहे. भाच्याने ते पंधरा दिवस रायपूरकडे स्वारी काढण्यात घालवले. पाचव्या फेरीत डव्हटन नागपुरात होता. आपण का हरलो त्याचं उत्तर एवढंच. एक अपघात टळला म्हणून बाकीची कारणं जागची हलत नाहीत.

मॉडेलकडून चुकाही होतात, आणि आपल्या भागाबद्दल जास्त. पानिपत, पुणं, रायगड यांवर उदंड लिहिलं गेलं आहे; नागपूरकर भोसल्यांवर, त्यातही देवनागरीत, त्या मानाने थोडं. मग यंत्र रिकाम्या जागा पुण्याच्या ओळखीच्या रंगाने भरतं आणि भोसल्यांचा दरबार पेशव्यांच्या वाड्यासारखा दिसू लागतो. एकदा त्याने १८३० मध्ये नागपूरला आगगाडी आणली. मुंबई-ठाणे गाडीच १८५३ ची, नागपुरात रूळ पोचले १८६७ मध्ये. नियमात 'त्या काळी नसलेलं यंत्र आणू नये' अशी ओळ घातल्यावर हे बरंच कमी झालं.

विसरणं ही दुसरी अडचण. मॉडेल एका वेळी ठरावीक लांबीचंच पत्र वाचू शकतं. डाव लांबला की रोजकीर्दीची जुनी पानं गोषवाऱ्यात आवळली जातात आणि वीस फेऱ्यांपूर्वी एखाद्या गोंड राजाला दिलेला शब्द त्यातून गळतो. म्हणून महत्त्वाचे तह खतावणीत चढवायचे. ती दर वेळी पूर्ण जाते.

मराठीत खेळणाऱ्याने आणखी एक हिशेब जाणून घ्यावा. संगणक अक्षर साठवतो ते बाइटमध्ये. रोमन लिपीत काटोल लिहिलं तर पाच अक्षरं, पाच बाइट. देवनागरीत क, काना, ट, ओकार, ल अशी पाच चिन्हं, प्रत्येकी तीन बाइट, एकूण पंधरा. टोकनचे तुकडे पाडताना नेहमी दिसणारे शब्द अखंड राहतात, विरळ शब्दांचे तुकडे होतात. मराठी शिकवणीत कमी असल्याने आपल्या शब्दांचे तुकडे जास्त पडतात. पैसे टोकनवर आकारले जातात, पत्राची मर्यादाही टोकनमध्येच मोजतात. म्हणून तोच डाव मराठीत लवकर महागतो आणि लवकर विसरतो. नव्या मॉडेलांत ही दरी कमी होते आहे. तरी आम्ही मराठीतच खेळलो. जेंकिन्सला खरमरीत खलिता मराठीतच लिहायचा, यावर भाचा ठाम होता आणि मला ते फार आवडलं.

तिसऱ्या डावाला त्याने सुरुवातीची तारीखच मागे नेली. १८१७ मध्ये उशीर झाला होता हे त्याला आता कळलं होतं. मे १८१६: अप्पासाहेबांनी तैनाती फौजेच्या तहावर सही केली तो महिना. त्याने हुकूम लिहिला, 'सही करू नका.' उत्तर आलं की सही न केल्यास दरबारातला विरोधी गट परसोजीच्या नावाने कारभार हाती घेईल, कारण अप्पासाहेबांना कारभारी म्हणून टिकायला कंपनीचाच आधार आहे. हे मी ताडून पाहिलं. या वेळी यंत्राचं म्हणणं बरोबर होतं.

भाच्याने मोबाइल उलटा ठेवला. "मामा, हा परसोजी कोण?"

मी कपाटातून पुस्तक काढलं. दुसऱ्या रघुजींचा मुलगा, प्रकृतीने अधू, बाप मार्च १८१६ मध्ये गेल्यावर गादीवर बसलेला आणि पुढच्याच वर्षी फेब्रुवारीत मारला गेलेला. तो डाव त्या रात्री तिथेच थांबला. आम्ही परसोजीचं वाचत बसलो.