कुलूपबंद खेळांची चौदा वर्षं

  नव्वदच्या दशकात घरोघरी टीव्हीला जोडल्या जाणाऱ्या व्हिडिओ गेमच्या कॅसेटमध्ये साधी चिप असे आणि तिच्यातली माहिती उघडी असे. म्हणूनच ते खेळ आज स्वस्तातल्या फोनवरही चालतात.

२६ फेब्रुवारी २०११ रोजी जपानमध्ये आलेल्या निन्टेंडो ३डीएसची गोष्ट वेगळी. चष्म्याविना त्रिमिती दाखवणारा हा हातातला कन्सोल सुमारे ७ कोटी ६० लाख खपला. त्याचे खेळ मात्र एईएस या सांकेतिकीकरणाच्या पद्धतीनं कुलूपबंद होते आणि किल्ल्या कन्सोलच्या पोटात. २०१४ मध्ये सिट्रा हा एम्युलेटर, म्हणजे कन्सोलची नक्कल करणारी प्रणाली, अवतरला, तेव्हा त्याला आधी कुलूप काढलेली फाइल द्यावी लागे. ती मिळवायची पुढे रुळलेली रीत अशी: आपल्याच कन्सोलमध्ये आपलंच खेळाचं कार्ड घालायचं आणि गॉडमोड९ या साधनानं त्याची उलगडलेली प्रत काढायची. २०२० मध्ये सिट्रा अँड्रॉइडवर आला आणि ३डीएसचे खेळ खिशातल्या फोनवर उतरले.

त्याच वर्षी कन्सोलचं उत्पादन थांबलं. २७ मार्च २०२३ रोजी त्याचं ऑनलाइन दुकानही मिटलं. त्याच वर्षी जुलैमध्ये व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशननं दाखवून दिलं, की अमेरिकेत प्रसिद्ध झालेल्या जुन्या खेळांपैकी ८७ टक्के बाजारात मिळतच नाहीत.

मग आला २०२४ चा फेब्रुवारी. निन्टेंडोनं स्विच कन्सोलच्या युझू एम्युलेटरवर खटला भरला. आक्षेप कुलूप उघडण्यालाच होता. आठवडाभरात २४ लाख डॉलरवर तडजोड झाली आणि त्याच मंडळींचा सिट्राही बंद पडला.

तरी काम थांबलं नाही. सिट्राचा सोर्स कोड खुला होता. त्याच्या शाखा एकत्र येऊन २०२५ मध्ये अझाहार उभा राहिला. तेव्हा तो कुलूपबंद फाइल स्वीकारतच नव्हता. किल्ल्यांचा प्रश्न त्यानं स्वतःपासून दूर ठेवला.

भारतात कॉपीराइट कायद्यात २०१२ च्या दुरुस्तीनं आलेलं कलम ६५अ हक्कभंगाच्या हेतूनं असं कुलूप तोडणाऱ्याला दोन वर्षांपर्यंत कैद सांगतं. त्याच कायद्याचं कलम ५२ मात्र कायदेशीर ताबा असलेल्याला संगणक प्रणालीची जपणुकीपुरती प्रत काढू देतं. ज्याच्याकडे कार्ड आहे, त्याला निदान हा आधार आहे. फक्त ऑनलाइन दुकानातून विकल्या गेलेल्या शेकडो खेळांना कार्डच नाही. त्यांतले बरेच अधिकृतपणे, ज्यांनी ते वेळेत विकत घेतले त्यांच्याकडेच उरले आहेत.