अंगावरचे कवच

खंडेनवमीला कारखान्यांतून मोठी लगबग असते. यंत्रे पुसून लख्ख करतात, लेथला झेंडूची माळ घालतात, हातोडा-पाना-करवतीला हळदकुंकू वाहतात आणि मग पेढे वाटतात. ज्याच्या जोरावर पोट चालते त्या हत्याराची वर्षातून एकदा पूजा करावी, ही आपली रीत मोठी समंजस आहे. परंतु या पूजेत काही मंडळींना सहसा स्थान नसते. मळलेले हातमोजे, चरे पडलेला चष्मा, पिवळे हेल्मेट, टाचा झिजलेले जाड बूट ही मंडळी कोपऱ्यात पडलेली असतात. त्यांच्यावर पोट थोडेच चालते? त्यांच्यावर फक्त जीव चालतो!

महाभारतातल्या कर्णाला कवचकुंडले जन्मतःच लाभली होती. बाकीच्यांना ती विकत घ्यावी लागतात. आता ती कोणी विकत घ्यायची, कोणी घालायची आणि घातली म्हणजे सगळी काळजी मिटली का, हे प्रश्न वाटतात तितके सोपे नाहीत. ते केवळ कारखानदारांचेही नाहीत. ते तुमच्या-आमच्या उंबरठ्यापर्यंत कसे येतात ते पुढे दिसेलच.

एका परिचारिकेचे हात

या कवचांच्या इतिहासात एक गोड प्रकरण आहे, प्रथम तेच सांगतो. १८८९ साली अमेरिकेतील बाल्टिमोर शहरी जॉन्स हॉपकिन्स रुग्णालय उघडले. तेथे विल्यम हॉलस्टेड हे मोठे शल्यविशारद काम करीत. शस्त्रक्रियेपूर्वी सगळ्यांनी पाऱ्याच्या जंतुनाशक द्रावणात हात बुडवायचे, असा त्यांचा दंडक होता. जंतू मरत, पण त्याबरोबर हातांची सालडीही निघत. कॅरोलाइन हॅम्प्टन नावाच्या परिचारिकेचे हात तर इतके चिघळले, की काम सोडण्याची वेळ आली.

हॉलस्टेडसाहेबांनी गुडइयर रबर कंपनीला लिहून पातळ रबराचे हातमोजे खास करवून घेतले. मोजे आले, हात बरे झाले आणि १८९० साली दोघांचे लग्नही झाले! अंगठीच्या आधी हातमोजे चढवल्याचे असे उदाहरण विरळाच.

गंमत राहू द्या, खरी गोष्ट पुढेच आहे. मोजे आणले होते परिचारिकेच्या कातडीसाठी. पुढे इतरांनाही ते सोयीचे वाटू लागले आणि काही वर्षांत ध्यानात आले, की सगळे मोजे घालून काम करू लागल्यापासून रुग्णांच्या जखमा कमी चिघळतात. काम करणाऱ्याचा हात जपला आणि काम आपोआप सुधारले. कामगारांच्या सुरक्षिततेवरचा खर्च म्हणजे पाण्यात घातलेला पैसा, असे समजणाऱ्यांनी ही गोष्ट जरूर ध्यानात ठेवावी.

अनुभव म्हणजे कवच नव्हे

दुसरी गोष्ट इतकी गोड नाही. १९१० च्या हिवाळ्यात मांचुरियात, हार्बिन शहरी प्लेगने थैमान घातले. १८९६ साली मुंबईत आलेला प्लेग मुख्यतः गाठीचा होता. तो उंदरांवरच्या पिसवांमधून पसरे. हार्बिनचा प्लेग फुफ्फुसांचा होता आणि तो खोकल्याबरोबर माणसाकडून माणसाकडे जात असे. चिनी सरकारने तेथे पाठवलेले डॉक्टर वू लिएन-ते हे पेनांगमध्ये जन्मलेले आणि केंब्रिजला शिकलेले एकतीस वर्षांचे तरुण होते. दुखणे श्वासावाटे पसरते हे ताडून त्यांनी जाळीदार कापडाच्या घड्यांत कापूस घालून मुखपट्टी केली आणि ती नाकातोंडावर घट्ट बांधावी असा आग्रह धरला.

पुष्कळांना ते पटेना. मेस्नी नावाचे एक अनुभवी फ्रेंच डॉक्टर होते. या पोरसवदा माणसाचे त्यांनी काय म्हणून ऐकावे? ते उघड्या तोंडाने रुग्ण तपासायला गेले आणि थोड्याच दिवसांत, जानेवारी १९११ मध्ये, त्याच प्लेगने वारले. त्यानंतर मात्र मुखपट्टीची थट्टा थांबली. त्या साथीत सुमारे साठ हजार माणसे गेली.

‘वीस वर्षे हेच करतोय, काही होत नाही,’ हे वाक्य आपण वेल्डिंगच्या दुकानात ऐकतो, तसेच घराच्या बांधकामावरही ऐकतो. काही झाले नाही याचा अर्थ काही होणार नाही असा नव्हे, एवढेच मेस्नीसाहेबांच्या मरणाने सांगितले.

पुलाखालचे जाळे

अमेरिकेत सान फ्रान्सिस्कोला गोल्डन गेट नावाचा प्रसिद्ध पूल आहे. तो १९३३ ते १९३७ या काळात बांधला गेला. त्या काळी पूल बांधणाऱ्यांत एक हिशेब रूढ होता. दर दहा लाख डॉलर खर्चामागे एक माणूस जायचाच! हा पूल तर साडेतीन कोटी डॉलरचा. म्हणजे पस्तीस मरणे जणू अंदाजपत्रकातच धरलेली.

मुख्य अभियंता जोसेफ स्ट्रॉस यांना हा हिशेब मान्य नव्हता. त्यांनी प्रत्येकाच्या डोक्यावर कडक हेल्मेट सक्तीचे केले. जो घालणार नाही त्याला कामावरून रजा! शिवाय पुलाच्या तळाखाली, या टोकापासून त्या टोकापर्यंत, दोरांचे भले मोठे जाळे टांगले. त्या जाळ्यात पडून एकोणीस माणसे वाचली. त्यांनी गमतीने आपला एक क्लबच काढला आणि त्याला नाव दिले ‘नरकाच्या अर्ध्या वाटेचा क्लब’.

पण १७ फेब्रुवारी १९३७ रोजी एक अवजड परांची निखळली आणि जाळे फाडून खाली समुद्रात गेली. तिच्याबरोबर दहा माणसे गेली. त्याआधी एकच बळी पडला होता.

या हकीगतीत सगळा धडा साठवला आहे. हेल्मेट एकाच्या डोक्यावर असते आणि ते आठवणीने घालावे लागते. जाळे मात्र सगळ्यांखाली असते, दमलेल्याला आणि विसराळूलाही झेलते. परंतु परांचीच कच्ची असेल तर हेल्मेटही हरते आणि जाळेही हरते. म्हणून जाणकार क्रम लावतात तो असा : प्रथम धोकाच काढून टाका, तो निघत नसेल तर यंत्राने वा कुंपणाने त्याला अडवा, आणि त्यातूनही जो उरेल त्याच्यासाठी माणसाच्या अंगावर कवच घाला. कवच ही शेवटची भिंत आहे. दगड फोडताना उडणारी बारीक धूळ फुफ्फुसात बसून माणूस आयुष्यभर धापा टाकतो. तेथे मुखपट्टी हवीच, पण दगडावर पाण्याची धार सोडली तर धूळ मुळात उडतच नाही. पाणी मुखपट्टीच्या आधी!

घालत का नाहीत?

‘आम्ही सगळे देतो हो, पण हे लोक घालतच नाहीत,’ ही मालकवर्गाची ठरलेली तक्रार. तिच्यात तथ्य आहे, पण ते अर्धेच. मे महिन्याच्या उन्हात पत्र्याच्या शेडखाली रबरी मोजे घालून आठ तास उभे राहून पाहावे. कामाचा मोबदला नगावर असेल आणि मोज्यांमुळे हात संथ होत असेल, तर मोजे म्हणजे मजुरीत कपात. शिवाय मापाचा प्रश्न आहेच. बहुतेक कवचे धिप्पाड पुरुषाच्या अंगावर बेतलेली असतात. मार्च २०१९ मध्ये अवकाशात दोन स्त्रियांनी मिळून यानाबाहेर काम करण्याचा ठरलेला पहिला बेत नासाला बदलावा लागला, कारण दोघींना लागणाऱ्या मध्यम मापाचा एकच पोशाख तयार होता. तो योग ऑक्टोबरमध्ये जुळून आला. जेथे नासाची ही कथा, तेथे बांधकामावर घमेली उचलणाऱ्या बाईला तिच्या मापाचे बूट कोण देणार?

आणि कवच चुकीच्या जागी घातले तर तेच वैरी होते. लेथवर किंवा फिरत्या ड्रिलवर काम करताना हातमोजे घालू नयेत. मोज्याचा धागा अडकला की यंत्र हातच ओढून घेते. हेल्मेटच्या आत पट्ट्यांची जी पोकळी असते ती आघात झेलण्यासाठी असते. तीत रुमाल आणि विडीचे बंडल कोंबले की हेल्मेटची नुसती टोपी होते. एकदा जबर मार खाल्लेले हेल्मेट वरून धड दिसले तरी टाकून द्यावे. म्हणजे नुसते ‘दिले’ म्हणून भागत नाही, माप पाहावे लागते आणि शिकवावेही लागते.

पैशाबद्दल तर कायद्याने शंकेला जागाच ठेवलेली नाही. २१ नोव्हेंबर २०२५ पासून लागू झालेल्या कामगार संहितांत स्पष्ट आहे, की कामाच्या जागेच्या सुरक्षिततेसाठी जे काही पुरवायचे त्याचे पैसे कामगाराकडून घ्यायचे नाहीत.

शिवणीतले भोक

पुरवठा म्हणजे काय चीज असते हे २०२० साली सगळ्या देशाला कळले. कोरोना आला तेव्हा डॉक्टर-परिचारिकांना लागणारे अंगभर पोशाख आपल्याकडे जवळजवळ बनतच नव्हते. सगळी भिस्त परदेशावर, आणि परदेशांनाच ते पुरेनात! मग कपड्यांचे कारखाने या कामाला लागले. कापड मिळाले, शिवणयंत्रे तर होतीच. पण शिवणयंत्राची सुई प्रत्येक टाक्याला कापडाला भोक पाडते हे ज्या घरात मशीन आहे तेथे सर्वांना ठाऊक आहे. विषाणूला तेवढे दार पुष्कळ झाले! म्हणून शिवणीवर उष्णतेने चिकटणारी खास पट्टी लावावी लागे, आणि टंचाई नेमकी त्या पट्टीचीच होती. कोइमतूरच्या सित्रा संस्थेत कृत्रिम रक्ताचा दाब देऊन कापड आणि शिवण तपासत. थेंब पाझरला की नापास! तरीही मे अखेरपर्यंत देशात रोज लाखो पोशाख तयार होऊ लागले. मनावर घेतले तर काय होते त्याचा हा पुरावा. मनावर न घेतले तर काय होते, त्याचा पुरावा रस्त्याच्या मधोमध झाकणाखाली आहे.

झाकणाखाली

गटारात आणि मैल्याच्या टाकीत हायड्रोजन सल्फाइड नावाचा वायू साठतो. थोडा असला तर त्याला कुजक्या अंड्याची घाण येते. प्रमाण वाढले की तो नाकाची वास घेण्याची शक्तीच मारून टाकतो. आत उतरलेल्या माणसाला वाटते, घाण गेली. प्रत्यक्षात जाणारा असतो तो स्वतः. त्याला काढायला दुसरा उतरतो आणि तोही कोसळतो. तोंडाला बांधलेला रुमाल येथे काही करत नाही. नामांकित एन-९५ मुखपट्टीही करत नाही. ती धूळ गाळते, वायू गाळत नाही आणि प्राणवायू तर पुरवत नाहीच.

२०१३ च्या कायद्याने संरक्षक साधनांवाचून माणसाला अशा सफाईला लावणे हा गुन्हा ठरवला. पहिल्याच गुन्ह्याला दोन वर्षांपर्यंत कैद, दोन लाखांपर्यंत दंड किंवा दोन्ही. ऑक्टोबर २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने गटारात मरण पावलेल्यांच्या वारसांना तीस लाख रुपये भरपाई देण्याचा आदेश दिला. येथेही आधीचाच क्रम लागू पडतो. माणसाला चांगले कवच देऊन खाली उतरवण्यापेक्षा यंत्र उतरवावे. केरळच्या तरुण अभियंत्यांनी २०१८ मध्ये ‘बँडिकूट’ नावाचे असे यंत्र कामाला लावलेही.

आणि येथेच हा प्रश्न आपल्या उंबरठ्याशी येतो. कायद्यातले शब्द आहेत ‘कोणीही व्यक्ती’, आणि ‘प्रत्यक्ष किंवा अप्रत्यक्ष’. मैल्याची टाकी तुंबली म्हणून ठेकेदाराला फोन करणारे आपल्या सोसायटीचे चिटणीस त्यात येतात. ‘आम्ही ठेकेदाराला सांगितले होते’ म्हणून हात झटकता येत नाहीत.

आपण सगळेच मालक

आपण नोकरदार माणसे स्वतःला कधी मालक समजत नाही. पण दिवाळीपूर्वी घराला रंग काढतो तेव्हा रंगाऱ्याचे मालक आपणच असतो. पाचव्या मजल्याच्या खिडकीबाहेर तो उभा राहिला तर त्याच्या कमरेला पट्टा आहे का, हे चहा देताना पाहावे. पट्ट्याचा दोर त्याच झुल्याला बांधला असेल तर उपयोग शून्य, तो इमारतीच्या भक्कम भागाला वेगळा बांधलेला हवा. न्हाणीघर घासणाऱ्या बाईंच्या हाती ॲसिड आणि ब्लीचिंग पावडर एकदम देऊ नये, दोन्ही मिसळून विषारी क्लोरीन वायू निघतो. मोजे द्यावेतच, पण त्याआधी ॲसिडची बाटलीच घरातून काढावी.

फुटलेली काच उघडी टाकू नये, जाड कागदात गुंडाळून वर तसे लिहावे. पुण्यातील कचरावेचक भगिनींनी वापरलेल्या सॅनिटरी पॅडसाठी लाल ठिपक्याची मोहीम काढली : कागदात गुंडाळा आणि वर लाल ठिपका करा. त्यांच्या हातमोज्यांची जबाबदारी नगरपालिकेची खरी, पण काच गुंडाळणे म्हणजे पुलाखालचे जाळे, आणि ते बांधायला कोणाच्या मंजुरीची वाट पाहावी लागत नाही.

दिवाळीचे पोस्त मागायला मंडळी येतील. त्यांना ते हसतमुखाने द्यावे. पाकिटाबरोबर मापाचे चांगले हातमोजे दिलेत तर उत्तमच. मात्र ते मोजे पोस्तात धरू नका. पोस्त आपण खुशीने देतो, हातमोजे हा त्यांचा हक्क आहे.