प्रॉमिसरी नोटचा दावा जिंकला, पण समोरचा अपिलात गेला. मग पैशांचं काय होतं?

ओळखीतल्या माणसाला तीन लाख हातउसने दिले. त्याने रेव्हेन्यू तिकीट लावून प्रॉमिसरी नोट, म्हणजे वचनचिठ्ठी, लिहून दिली. पैसे परत आले नाहीत म्हणून दावा लावला, काही वर्षं तारखा केल्या आणि एकदाचा हुकूमनामा हातात पडला. तेवढ्यात समोरचा म्हणतो, "मी वर अपील करतो." इथेच बरेच जण खचतात आणि निम्म्या रकमेवर तडजोड करून मोकळे होतात.

खरं तर नुसतं अपील दाखल केल्याने वसुली थांबत नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ४१, नियम ५ मध्ये हे सरळ लिहिलंय. वसुली थांबवायची तर वेगळी स्थगिती मागावी लागते आणि पैशांच्या हुकूमनाम्यात ती देताना कोर्ट साधारणपणे रक्कम भरायला किंवा तारण द्यायला सांगतं. स्थगिती नसेल तर दरखास्त लावता येते, त्यासाठी १२ वर्षांची मुदत आहे. मात्र पुढे अपिलात निकाल फिरला, तर वसूल केलेले पैसे परत करावे लागतात.

आता निकाल फिरतो कशावर?

"पैसे मिळालेच नाहीत, कोऱ्या कागदावर सही घेतली" हा या दाव्यांमधला ठरलेला बचाव. १८८१ च्या परक्राम्य दस्तऐवज कायद्याचं कलम ११८ इथे पैसे देणाऱ्याच्या बाजूने उभं राहतं. नोटवरची सही खरी ठरली, की मोबदला दिला गेला असं कोर्ट गृहीत धरतं. नुसतं "नाही" म्हणून हे गृहीतक मोडत नाही. पण तीन लाख रोख कुठून आले हे सावकाराला नीट सांगता आलं नाही, साक्षीदार एकमेकांविरुद्ध बोलले, तर पारडं फिरू शकतं. पहिल्या अपिलात हा सगळा पुरावा पुन्हा तपासला जातो. नवा पुरावा मात्र सहसा घेत नाहीत, त्यामुळे खाली बँकेचा उतारा लावायचा राहिला तर तो राहिलाच.

खरी गंमत आहे त्या छोट्याशा तिकिटाची. बाकीच्या बऱ्याच कागदांना मुद्रांक कमी पडला तर दंड भरून चालतं. वचनचिठ्ठीला ही सवलत नाही. तिकीट नसेल, किंवा ते रद्द होईल अशी सही त्यावर नसेल, तर मुद्रांक कायद्याच्या कलम ३५ मुळे ती नोट पुराव्यात येतच नाही. लाखांचा दावा किरकोळ किमतीच्या तिकिटावर अडतो तो असा.

पण ही हरकत वेळेवर घ्यावी लागते. हुंडीच्या एका दाव्यात खालच्या कोर्टाने हुंड्या पुराव्यात घेऊन रक्कम मंजूर केली होती. राजस्थान हायकोर्टाने अपुऱ्या मुद्रांकावर बोट ठेवून तो निकाल उलटवला. १९६१ मध्ये सुप्रीम कोर्टाने हायकोर्टाचा निकाल रद्द केला. कागद एकदा पुराव्यात दाखल झाला की केवळ मुद्रांकाच्या कारणावरून अपिलात तो बाहेर काढता येत नाही, कारण कलम ३६ तसं सांगतं.

विनापरवाना सावकारीचा धंदा करणाऱ्यांची गोष्ट वेगळी. महाराष्ट्रात २०१४ च्या सावकारी नियमन कायद्यानुसार कर्ज देताना परवाना नसेल तर सावकाराला हुकूमनामाच मिळत नाही. मित्राला एकदा केलेली मदत म्हणजे धंदा नव्हे.

अपिलाची मुदत जिल्हा न्यायालयात ३० दिवस, हायकोर्टात ९० दिवस. जिल्हा न्यायालयात हरल्यावर हायकोर्टात दुसरं अपील करता येतं, पण कायद्याचा महत्त्वाचा प्रश्न असेल तरच. "पैसे दिलेच नव्हते" ही तक्रार तिथे सहसा चालत नाही. आणि मूळ दावा २५ हजारांपर्यंतच्या वसुलीचा असेल, तर दुसरं अपीलच नाही. तो वाद जिल्हा न्यायालयातच संपतो.